परदेशात गाडी चालवायचीय? आधी सांगा, तुम्ही तिथे पाहुणे की रहिवासी

या महिन्यात आपल्या लायसन्सवर परदेशात गाडी चालवण्याबद्दल इतकी पत्रं आली की अख्खं सदर त्यालाच द्यायचं ठरवलं. जवळपास प्रत्येकाने आयडीपीबद्दल विचारलंय, म्हणजे इंटरनॅशनल ड्रायव्हिंग परमिट, पण आपण तिकडे कुठल्या व्हिसावर आणि किती दिवसांसाठी चाललोय हे फार थोड्यांनी लिहिलंय, आणि खरं तर सगळं तिथेच ठरतं. आयडीपी म्हणजे वेगळं लायसन्स नाही, तुमच्या मूळ लायसन्सचा सरकारने दिलेला अनुवाद आहे. १९४९ च्या जिनिव्हा करारात भारत आहे म्हणून आपलं सरकार तो देतं, आणि खिशात मूळ लायसन्सचं कार्ड नसेल तर त्या पुस्तिकेला काही किंमत नाही. फिरायला गेलात तर बहुतेक देश तुम्हाला पाहुणे म्हणून गाडी चालवू देतात, राहायला गेलात की त्या दिवसापासून एक मुदत सुरू होते आणि ती संपली की तुमचं भारतीय लायसन्स तिथे चालत नाही, मग आयडीपीवर कुठलीही तारीख असो. हे एवढं मनात ठेवून पुढची उत्तरं वाचा.

प्रश्न : ताई नमस्कार. वय ६३, बँकेतून रिटायर झालोय, सांगलीला असतो. मुलगी न्यू जर्सीत एडिसनला आहे, मी आणि सौ. सहा महिन्यांसाठी जातोय. मुलगी जावई दोघेही नोकरीला, त्यामुळे नातवाला क्लासला सोडणं-आणणं मी करीन म्हणतो. इथे आयुष्यभर गाडी चालवली आहे. आयडीपी काढला की झालं ना?

उत्तर : काका, तुम्ही व्हिजिटर म्हणून जाताय त्यामुळे गाडी चालवायला हरकत नाही, मूळ लायसन्स, आयडीपी आणि पासपोर्ट तिन्ही जवळ ठेवा. अमेरिकेत हे नियम प्रत्येक राज्याचे वेगळे असतात हे मात्र लक्षात असू द्या, म्हणजे पुतण्या टेक्सासला आहे आणि तो असं सांगतो, म्हणून न्यू जर्सीलाही तसंच असेल असं धरून चालू नका.

पण आयडीपीच्या आधी तुमचं लायसन्स हातात घेऊन त्यावरची शेवटची तारीख बघा. आपल्याकडे पंचावन्नच्या पुढे लायसन्स पाच पाच वर्षांसाठीच रिन्यू होतं, आणि आयडीपी एक वर्षाचा किंवा लायसन्स संपेपर्यंतचा, यातलं जे आधी येईल तेवढाच. तिकडे तीन महिने झाल्यावर लायसन्स संपलं तर आयडीपीही त्याच दिवशी संपला, आणि तुम्ही सांगलीला येऊन रिन्यू करून परत जाणार आहात का? मुदत संपायच्या आधी एक वर्षापासून रिन्यूअल करता येतं तर निघण्यापूर्वीच करून टाका, आणि मग त्या नव्या लायसन्सवर आयडीपी काढा. क्रम उलटा करू नका.

दुसरं काम मुलीला सांगा. त्यांच्या गाडीचा जो इन्शुरन्स आहे त्या कंपनीला आधीच फोन करून विचारायचं की वडील सहा महिने घरात राहणार आहेत आणि रोज गाडी चालवणार आहेत, त्यांचं नाव पॉलिसीत घालावं लागेल का. एखाद्या वीकेंडला आलेला पाहुणा आणि महिनोन् महिने त्याच घरात राहून गाडी चालवणारा माणूस यात इन्शुरन्सवाले फरक करतात. अमेरिकेत कुणाला धक्का लागला तर हॉस्पिटलची बिलं आणि दावे डॉलरमध्ये येतात आणि ते मुलीच्या संसारावर येतात, म्हणून हा फोन टाळू नये, प्रीमियम थोडा वाढला तरी वाढू दे.

आता रस्त्यावरचं. उजव्या बाजूने चालवायची सवय आठवड्याभरात होते, पहिले काही दिवस रविवारी सकाळी मोकळ्या रस्त्यांवर मुलीला किंवा जावयाला शेजारी बसवून चालवा. खरी अडचण होते ती आपल्याकडे नसलेल्या नियमांची. पिवळी स्कूल बस थांबली, तिचे लाल दिवे लुकलुकायला लागले की तुम्ही मागे असा की समोरून येत असा, थांबायचंच, न्यू जर्सीत कमीत कमी २५ फूट अंतर ठेवून, आणि दिवे बंद होऊन बस हलेपर्यंत जागचं हलायचं नाही. मध्ये डिव्हायडर असेल आणि बस पलीकडच्या बाजूला असेल तरच थांबावं लागत नाही पण तेव्हाही वेग ताशी १० मैलांवर आणायचा. आपल्याकडे उभ्या बसला वळसा घालून पुढे जायची सवय हाडात भिनलेली असते, नेमकी तीच तिथे मुलांच्या जिवावर बेतू शकते. स्टॉप साइनला चाक पूर्ण थांबायला हवं, रस्ता रिकामा असला तरी, रात्रीचे दोन वाजले असले तरी. आणि नातू आठ वर्षांखालचा आणि ५७ इंचांपेक्षा कमी उंचीचा असेल तर मागच्या सीटवर त्याच्या मापाच्या कार सीटमध्ये किंवा बूस्टरवर, आजीच्या मांडीवर अजिबात नाही, दोन मिनिटांचा रस्ता असला तरी नाही.

पोलिसाने मागून दिवे लावले तर उजवीकडे कडेला घ्या आणि गाडीतच बसून राहा, हात स्टीअरिंगवर. आपल्यासारखं दार उघडून साहेबांकडे चालत जायचं नाही, तिकडे त्याचा अर्थ फार वेगळा घेतला जातो. पेट्रोलची मात्र काळजी नको, न्यू जर्सीत स्वतः पेट्रोल भरायला बंदीच आहे, आपल्यासारखा पंपावरचा माणूस भरून देतो.

प्रश्न : मी मूळची नाशिकची, आता श्टुटगार्टला नोकरी करते. इथे येऊन पाच महिने झाले. निघायच्या आधी आयडीपी काढलेला, त्यावर अजून सात महिने बाकी आहेत. ऑफिसमधला एक जण म्हणतो सहा महिन्यांनंतर चालत नाही, दुसरा म्हणतो आयडीपीवर लिहिलंय तेवढं चालतं. कुणाचं खरं?

उत्तर : पहिल्याचं. आणि तुझ्याकडे एकच महिना आहे, त्यामुळे हे नीट वाच.

जर्मनीत युरोपियन युनियनबाहेरच्या देशाचं लायसन्स तुम्ही तिथे राहायला लागल्यापासून सहा महिने चालतं. राहायला लागल्यापासून, म्हणजे आयडीपी ज्या दिवशी काढला त्या दिवसापासून नाही. मध्ये दिवाळीला नाशिकला येऊन गेलीस तरी मोजणी परत पहिल्यापासून सुरू होत नाही आणि नवा आयडीपी मागवलास तरी होत नाही. मुदत वाढवून मिळते पण ती अशांना, ज्यांचा मुक्काम एकूण वर्षभरापेक्षा जास्त नाही असं ते दाखवू शकतात, आणि तीसुद्धा ३६४ दिवसांपर्यंतच. तुझा पर्मनंट कॉन्ट्रॅक्ट असेल तर तो रस्ता बंद समज.

सहा महिन्यांनंतर तू गाडी चालवलीस तर ते विनालायसन्स चालवणं धरतात आणि जर्मनीत ते साधं चलान नाही, फौजदारी गुन्हा आहे, दंड किंवा एक वर्षापर्यंत कैद अशी तरतूद आहे. जी व्यक्ती तिथे नोकरीच्या परमिटवर राहते, पुढे पर्मनंट रेसिडेन्सीचा विचार करते, तिच्या नावावर गुन्हा नोंदवला जाणं म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको. माझी अगदी कळकळीची विनंती आहे, मुदत संपली की मैत्रिणीची गाडी पार्किंगमधून बाहेर काढण्यापुरतीसुद्धा हातात घेऊ नकोस.

आता लायसन्स बदलून घेण्याचं. ज्या देशांच्या लायसन्सला ते परीक्षेशिवाय बदलून देतात त्या यादीत भारत नाही, त्यामुळे थिअरी आणि प्रॅक्टिकल दोन्ही द्यावं लागतं. एक सवलत आहे आणि ती मोठी आहे, नव्याने शिकणाऱ्या माणसाला फारशूलमध्ये, म्हणजे तिथल्या ड्रायव्हिंग स्कूलमध्ये, ठरावीक तास बसावंच लागतं, तुझ्याकडे चालू भारतीय लायसन्स असल्यामुळे तुला ती सक्ती नाही. तरी फारशूलला नाव घालावं लागतंच कारण परीक्षेला गाडी आणि इन्स्ट्रक्टर त्यांचाच लागतो. आधी तुझ्या शहराच्या फ्यूररशाइन ऑफिसात, म्हणजे लायसन्सच्या ऑफिसात अर्ज, त्याला पासपोर्ट, तिथल्या पत्त्याचं रजिस्ट्रेशन, बायोमेट्रिक फोटो, डोळे तपासल्याचा कागद, फर्स्ट एडचा कोर्स केल्याचं सर्टिफिकेट (पंचेचाळीस मिनिटांचे नऊ तास, एका दिवसात होतो), आणि भारतीय लायसन्स भाषांतरासकट. अर्ज मंजूर व्हायला काही ठिकाणी कित्येक आठवडे लागतात, म्हणून आजच टाक, सहा महिने संपायची वाट कशाला बघायची.

थिअरीला ३० प्रश्न येतात, इंग्लिशमध्ये देता येते, हिंदी मराठी नाही. दहापेक्षा जास्त चुकीचे गुण झाले की नापास, आणि पाच पाच गुणांचे दोन प्रश्न चुकले तरी नापास. प्रश्न सोपे वाटतात पण वाक्यं फसवी असतात, एकाच प्रश्नाला दोन तीन बरोबर उत्तरं असू शकतात, तेव्हा ॲपवर भरपूर सराव कर.

आणि आपले लोक जास्त अडकतात ते प्रॅक्टिकलला. गाडी येत नाही म्हणून नाही, येते म्हणूनच. पंचावन्न मिनिटांची परीक्षा, मागे परीक्षक बसलेला, आणि तुझी पुण्या-नाशिकच्या ट्रॅफिकमध्ये घडलेली सवय हातात. लेन बदलताना आरशात बघून भागत नाही, मान वळवून खांद्यावरून मागे बघावंच लागतं आणि ते परीक्षकाला दिसलं पाहिजे, त्याला शुल्टरब्लिक म्हणतात. गल्लीबोळात जिथे कुठलीच पाटी नाही तिथे उजवीकडून येणाऱ्याचा हक्क पहिला, रेख्त्स फोर लिंक्स, मग तो सायकलवाला का असेना. तीसच्या झोनमध्ये चाळीस झाली की खेळ खलास. हॉर्नची तर आठवणच काढू नकोस. म्हणून सक्ती नसली तरी सात आठ तास इन्स्ट्रक्टरबरोबर चालव, पैसे जातात पण परीक्षा पुन्हा देण्यापेक्षा कमीच जातात. आणि बाहेर नवऱ्याला शेजारी बसवून सराव करू असं मनात असेल तर तेही नाही, तिथे आपल्यासारखी एल लावून घरच्यांबरोबर शिकायची सोय नाही, सराव फक्त फारशूलच्या गाडीत.

मॅन्युअल की ऑटोमॅटिक हेही आधीच ठरव. ऑटोमॅटिकवर साधी परीक्षा दिलीस तर लायसन्स ऑटोमॅटिकपुरतंच मिळतं. जर्मन लायसन्स हातात देताना भारतीय लायसन्स काढून घेतात, तेव्हा त्याच्या दोन्ही बाजूंची चांगली कॉपी काढून ठेव.

प्रश्न : आयडीपीसाठी एजंटने साडेपाच हजार सांगितले, म्हणतो व्हिसा नसेल तर होत नाही, मी करून देतो. शिवाय एका वेबसाइटवर तीन वर्षांचं इंटरनॅशनल लायसन्स घरपोच मिळतंय. काय करू? — पिंपरी

उत्तर : दोन्ही नको. सरकारी फी १००० रुपये आहे, फॉर्म ४ए, अर्ज परिवहनच्या सारथी पोर्टलवर, मग तुमच्या हद्दीतल्या आरटीओत. जानेवारी २०२१ मध्ये केंद्राने अधिसूचना काढून अर्जाच्या वेळी मेडिकल सर्टिफिकेट आणि व्हिसाची अट काढून टाकली आहे. तरी फाईलमध्ये पासपोर्ट आणि तिकीट-व्हिसा असेल तर त्याच्या झेरॉक्स ठेवा, खिडकीवर वाद घालत बसण्यापेक्षा ते बरं. २०२२ पासून अख्ख्या देशात आयडीपीचा नमुना एकच केलाय आणि त्यावर क्यूआर कोड असतो जो तुमच्या लायसन्सशी जोडलेला असतो.

ती तीन वर्षांची वेबसाइट विसरा. भारताचा आयडीपी एक वर्षाचाच असतो, त्यामुळे तीन वर्षांचा म्हणून जो काही विकतायत तो भारत सरकारने दिलेला नाही हे तिथेच कळतं. असं पुस्तक दाखवून गाडी घेतली आणि अपघात झाला तर तुम्ही विनापरमिट.

आणि एक बारीकशी गोष्ट, जिच्यामुळे आपल्या बायकांची फार अडचण होते. लायसन्स कॉलेजात असताना काढलेलं माहेरच्या नावावर, पासपोर्ट लग्नानंतरच्या नावावर. किंवा पुरुषांचं, लायसन्सवर आडनाव आधी आणि वडिलांचं नाव पूर्ण, पासपोर्टवर वडिलांचं नावच नाही. आपल्याला कळतं की माणूस एकच, परदेशातल्या रेंटल काउंटरवरच्या मुलाला कळत नाही, आणि क्रेडिट कार्डवर तिसरंच नाव असतं. तर आयडीपी काढायच्या आधी लायसन्सवरचं नाव पासपोर्टसारखं करून घ्या. जुनं पुस्तकी लायसन्स असेल तर त्याच वेळी स्मार्ट कार्डही करून घ्या. डिजिलॉकरमधलं लायसन्स आपल्या हायवेवर चालतं, बाहेर प्लास्टिकचं कार्डच मागतात.

लर्निंग लायसन्सवर आयडीपी मिळत नाही, तेही दोघांनी विचारलंय.

प्रश्न : आम्ही पाच मित्र फुकेतला चाललोय. तिथे स्कूटर भाड्याने सहज मिळते म्हणतात, काही विचारत पण नाहीत. आमच्यात तिघांकडे फक्त कारचं लायसन्स आहे. — कोल्हापूर

उत्तर : मिळते हे खरंय, आणि तिथेच लोक गाफील राहतात. दुकानदाराला भाडं हवंय, तुमचं लायसन्स बघणं हे त्याचं काम नाही, ते पोलीस बघणार आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे इन्शुरन्स कंपनी बघणार. थायलंडमध्ये आपला आयडीपी चालतो पण तो ज्या गाडीसाठी शिक्का आहे तेवढ्याच गाडीसाठी. तुमच्या लायसन्सवर फक्त एलएमव्ही, म्हणजे कारचा वर्ग असेल तर आयडीपीवर मोटरसायकलचा शिक्का येणारच नाही, मग ११० सीसीची स्कूटर असली तरी तुम्ही विनालायसन्स. फुकेतच्या घाटातल्या उतारावर पावसात स्कूटर घसरणं ही काही दुर्मिळ गोष्ट नाही, आणि पाय मोडला तर प्रायव्हेट हॉस्पिटल आधी पैसे किंवा इन्शुरन्स मागतं. ट्रॅव्हल इन्शुरन्सवाले पहिला प्रश्न विचारतात की या गाडीचं लायसन्स होतं का. नसेल तर क्लेम नाकारतात आणि घरच्यांना कोल्हापुरात बसून लाखांची जमवाजमव करावी लागते. ज्या दोघांकडे टू-व्हीलरचं लायसन्स आहे त्यांनी आयडीपी काढून चालवावी, बाकीच्यांनी मागे बसावं किंवा सगळ्यांनी मिळून गाडी ड्रायव्हरसकट घ्यावी. हेल्मेट दोघांनाही. आणि डिपॉझिट म्हणून पासपोर्ट ठेवू नका, त्याची कॉपी आणि रोख रक्कम द्या.

तुमच्यातला एक जण पुढे व्हिएतनामला जाणार आहे असं लिहिलंय. तिथे १९६८ च्या व्हिएन्ना करारातला आयडीपी मानतात, आपला १९४९ च्या करारातला आहे, म्हणजे तो तिथे उपयोगी नाही. चीनमध्ये तर कुठलाच आयडीपी चालत नाही. जपानमध्ये उलट १९४९ चाच लागतो, त्यामुळे जपानला फिरायला जाणाऱ्यांना आपला चालतो.

प्रश्न : डिपेंडंट व्हिसावर लेस्टरला येऊन दहा महिने झाले. भारतीय लायसन्सवर गाडी चालवतेय. आता प्रोव्हिजनल काढलं तर लगेच एल प्लेट लावावी लागेल का, आणि माझं भारतीय लायसन्स जमा करावं लागेल का?

उत्तर : नाही आणि नाही. ब्रिटनमध्ये राहायला लागल्यापासून बारा महिने भारतीय लायसन्सवर कार चालवता येते, प्रोव्हिजनल, म्हणजे तिथलं शिकाऊ लायसन्स, हातात असलं तरी ते बारा महिने तुमचेच. तेरावा महिना लागला की मात्र तुम्ही लर्नर, एल प्लेट हवी आणि शेजारी २१ वर्षांवरचा, किमान तीन वर्षं लायसन्स असलेला माणूस हवा, मोटरवेवर त्याच्याबरोबरही नाही. भारताचं लायसन्स ते बदलून देत नाहीत म्हणून जमा करायचा प्रश्नच येत नाही.

पण दहा महिने थांबायला नको होतं गं. थिअरीला ५० पैकी ४३ लागतात आणि हॅझर्ड परसेप्शनला, म्हणजे व्हिडिओत धोका ओळखायच्या टेस्टला, ७५ पैकी ४४, ते अभ्यासाने होतं, प्रॅक्टिकलची तारीख मिळायला मात्र महिने जातात. आज ऑनलाइन प्रोव्हिजनलचा अर्ज कर, आलं की त्याच दिवशी थिअरी बुक, थिअरी पास झालीस की त्याच संध्याकाळी प्रॅक्टिकल बुक. मध्ये जे महिने रिकामे जातील त्यात एकटीने गाडी चालवू नकोस, मुलांना शाळेत सोडायला बस किंवा चालत. कारण लायसन्सची मुदत संपली की इन्शुरन्सही धोक्यात येतो आणि तिथे विनाइन्शुरन्स सापडलं तर जागेवर ३०० पाउंड दंड आणि लायसन्सवर सहा पेनल्टी पॉइंट. नवीन लायसन्स मिळाल्यावर पहिल्या दोन वर्षांत सहा पॉइंट झाले की लायसन्स रद्द होतं, म्हणजे पास व्हायच्या आधीच सहा पॉइंट घेऊन बसलीस तर पुढे एवढ्याशा चुकीवर लायसन्स जाण्याची टांगती तलवार. आणि इन्शुरन्स विकत घेताना ही गोष्ट पुढे कित्येक वर्षं विचारली जाते.

प्रश्न : माझा मित्र सिडनीला पाच वर्षं भारतीय लायसन्सवरच चालवायचा. मी आता स्टुडंट व्हिसावर जातेय, तसंच चालेल ना? — औरंगाबाद

उत्तर : आता नाही. टेम्पररी व्हिसावाल्यांना तिथे आधी ती मोकळीक होती, न्यू साउथ वेल्सने १ जुलै २०२३ पासून ती काढली. राहायला लागल्यापासून सहा महिन्यांत तिथलं लायसन्स घ्यायचं, मेलबर्नच्या राज्यानेही त्याच वर्षी असाच नियम केला. पर्मनंट व्हिसावर असाल तर न्यू साउथ वेल्समध्ये तीनच महिने. मित्र खोटं सांगत नाहीये, त्याचा काळ वेगळा होता.

प्रश्न : सहकुटुंब टोरांटोला पीआरवर (पर्मनंट रेसिडेन्सीवर) शिफ्ट होतोय. लायसन्सच्या दृष्टीने इथून काय घेऊन जाऊ? — ठाणे

उत्तर : हा प्रश्न निघायच्या आधी विचारलात हे फार बरं झालं. ओंटारियोत नवीन आलेल्यांना भारतीय लायसन्सवर ६० दिवस मिळतात, मग तिथल्या पायऱ्या, आधी जी१ म्हणजे लेखी, मग जी२, मग पूर्ण जी. नवशिक्याला हे पार करायला वर्षं लागतात, पण तुमचा आधीचा अनुभव सिद्ध झाला तर वेळ वाचतो. दोन वर्षांच्या वरचा अनुभव कागदावर दाखवू शकलात तर लेखी झाल्यावर थेट जी ची रोड टेस्ट देता येते. तो कागद म्हणजे तुमच्या आरटीओचं लेटरहेडवरचं पत्र, इंग्लिशमध्ये, त्यात लायसन्स पहिल्यांदा कधी मिळालं, कुठल्या गाड्यांचं, सध्या चालू आहे का हे सगळं. तिकडच्या भारतीय वकिलातीकडूनही लायसन्सची खात्री करून पत्र मिळतं पण त्यात दिवस जातात, तेव्हा आरटीओचं पत्र इथूनच घेऊन चला.

लायसन्स रिन्यू केलं असेल तर कार्डावर पहिल्या इश्यूची तारीख आहे ना तेवढी बघा. नुसती रिन्यूअलची तारीख दिसली तर तिथला क्लार्क तुम्हाला कालपरवा शिकलेला धरतो. बायकोचंही पत्र घ्या. एकाच गाडीवर दोघांपैकी एकालाच चालवता येत असेल तर तिकडच्या थंडीत घर पूर्ण अडकून पडतं.

दुबईबद्दल रत्नागिरीच्या वाचकांनी विचारलंय त्यांनाही इथेच सांगते. व्हिजिट व्हिसावर असेपर्यंत भारतीय लायसन्स आणि आयडीपीवर भाड्याची गाडी चालवता येते, रेसिडेन्स व्हिसा मिळाला की ते संपलं, मग तिथलंच लायसन्स काढायचं. नोकरी मिळाली या आनंदात लोक जुन्याच कागदांवर गाडी चालवत राहतात, तेवढं करू नका.

प्रश्न : मी कॅलिफोर्नियात असतो, दर वर्षी पुण्याला येतो. भारतीय लायसन्स तीन वर्षांपूर्वी संपलं. अमेरिकन लायसन्स आहे. वडिलांची गाडी चालवली तर चालते का? सगळे म्हणतात कुणी विचारत नाही.

उत्तर : अमेरिकन लायसन्स आणि सोबत अमेरिकेत काढलेला आयडीपी असेल तर चालते. तो तिकडे एएए ही वाहनचालकांची संघटना देते, निघायच्या आधी काढा, पुण्याच्या आरटीओत तो मिळणार नाही कारण आपलं आरटीओ फक्त भारतीय लायसन्सवरच आयडीपी देतं.

आयडीपी नसेल आणि भारतीय लायसन्स संपलेलं असेल तर तुम्ही इथे विनालायसन्स आहात. मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर त्याला ५००० रुपये दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद आहे, आणि ज्याने गाडी दिली त्या मालकालाही वेगळी शिक्षा आहे, तीही तेवढीच. म्हणजे तुमच्या सुट्टीपायी वडील अडचणीत. अपघात झाला तर इन्शुरन्स कंपनी चालू लायसन्स होतं का हेच बघणार आणि समोरच्याची भरपाई वडिलांच्या खिशातून वसूल करायला ती मोकळी असते. कुणी विचारत नाही हे काही होत नाही तोवरच.

भारतीय लायसन्स पुन्हा हवं असेल तर संपल्यापासून एक वर्षाच्या आत रिन्यू करता आलं असतं, आता तीन वर्षं झाली म्हणजे पुन्हा टेस्ट द्यावी लागेल. तुम्ही तीन आठवड्यांसाठी येणार, त्यात स्लॉट मिळून सगळं होईल याची खात्री नाही, तर या वेळी आयडीपीवरच चालवा, आणि पुढे जास्त दिवसांसाठी याल तेव्हा येण्याआधीच सारथीवर अर्ज भरून स्लॉट घेऊन ठेवा. भारतीय आयडीपी परदेशात असताना संपला तर तो २०२१ पासून तिथल्या भारतीय दूतावासामार्फत पुन्हा मागवता येतो असं वाचून तुम्ही विचारलंय, ते बरोबर आहे, पण त्याला मूळ भारतीय लायसन्स चालू असावं लागतं. आणि तुमच्या उपयोगाचं ते तसंही नाही, कॅलिफोर्नियात रहिवासी झाल्यापासून दहा दिवसांत तिथलं लायसन्स घ्यावं लागतं आणि ते तुमच्याकडे आहेच.